लग्नाचा हिशेब : सत्यशोधक विधीपासून मंगलपरिणयापर्यंत

आमच्या घरात वडिलांची एक जुनी वही आहे. शंभर पानी, कव्हर कधीच निघून गेलेली. २००६ साली माझ्या थोरल्या बहिणीचे लग्न झाले, त्याचा सगळा खर्च त्या वहीत लिहिलेला आहे. वडील फौंड्रीत कामगार होते. शिक्षण चौथीपर्यंत, पण हिशेब चोख. मी कोल्हापुरातील एका महाविद्यालयात इतिहास शिकवतो. इतिहासाची साधने कोणती, हे सांगताना मी मुलांना ताम्रपट, बखरी, दप्तरे यांची नावे सांगत आलो. गेल्या महिन्यात धाकट्या बहिणीचे लग्न ठरले, ती वही पुन्हा बाहेर निघाली, आणि माझ्या ध्यानात आले की आमच्यासारख्यांच्या इतिहासाचे एक अस्सल साधन इतकी वर्षे आमच्याच पत्र्याच्या पेटीत पडून होते.

त्या वहीतील आकडे असे : मंडप आणि खुर्च्या ९,५००. जेवण आणि आचारी ३८,०००. बस्ता २७,०००. भांडी आणि कपाट २२,०००. मानपान, म्हणजे टॉवेल-टोप्या आणि साड्या, १४,५००. बेंजो आणि वरात ११,०००. सोने १८,०००. पत्रिका, गाड्या व किरकोळ १,८३५. आणि अगदी शेवटी, पानाच्या तळाशी, घाईघाईने लिहिलेल्या चार ओळी : मडके ३५, सूत १०, मेणबत्त्या-उदबत्ती ४०, फुले ८०.

एकूण एक लाख बेचाळीस हजार. त्यातला प्रत्यक्ष लग्नविधीचा खर्च एकशे पासष्ट रुपये. बाकीच्या एक लाख एक्केचाळीस हजार आठशे पस्तीस रुपयांवाचून लग्न लागायचे अडले नसते.

या लग्नासाठी चाळीस हजार रुपये एका खाजगी सावकाराकडून शेकडा तीन रुपये महिना दराने घेतले होते. महिन्याला बाराशे रुपये व्याज. पाच वर्षांत बहात्तर हजार रुपये नुसते व्याजात गेले आणि मुद्दल होते तिथेच राहिले. दारची म्हैस गेली. माझे एम.ए. एक वर्ष लांबले. ही हकीकत मी रडगाणे म्हणून सांगत नाही. आपल्या वस्तीत दहा घरे फिरलात तर आठ घरांत ती थोड्याफार फरकाने ऐकायला मिळेल. मला विचारायचे आहे ते हे : ज्या चळवळीने लग्न एकशे पासष्ट रुपयांवर आणून ठेवले, त्याच चळवळीच्या लेकरांनी ते पुन्हा दीड लाखावर कसे नेले?

उधळपट्टीचा जुना आरोप

या प्रश्नाकडे वळण्यापूर्वी एक सावधगिरी बाळगली पाहिजे. गरीब माणूस लग्नात पैसा उडवतो म्हणून तो कर्जात बुडतो, हे वाक्य फार जुने आहे आणि ते बहुधा पोट भरलेल्यांच्या तोंडी असते. १८७५ साली पुणे आणि नगर जिल्ह्यांतील शेतकरी सावकारांविरुद्ध उठले, सावकारांची खतपत्रे त्यांनी जाळली. तेव्हाही हीच चर्चा झाली. पण त्या दंग्यांची चौकशी करणाऱ्या सरकारी आयोगानेच लग्नखर्चाला कर्जाचे कारण म्हणून फाजील महत्त्व दिले गेले आहे, असा अभिप्राय नोंदवला. जोतीराव फुल्यांनी १८८३ साली पूर्ण केलेल्या 'शेतकऱ्याचा असूड' या ग्रंथात हा आरोप थेट अंगावर घेतला. शेतकऱ्याच्या लग्नात असते तरी काय, याचा त्यांनी पाढाच वाचला. कर्जाचे मूळ सारा, पट्ट्या, कोर्टकचेऱ्या आणि भटशाही यांत आहे, लग्नाच्या दोन दिवसांच्या गोडधोडात नाही, हे त्यांनी ठणकावून सांगितले.

म्हणून लग्नाच्या खर्चावर लिहिताना माझा रोख माझ्या वडिलांवर नाही. वर्षानुवर्षे तुटपुंज्या मजुरीवर राबलेल्या माणसाला काटकसरीचा धडा देण्याचा अधिकार मला नाही. प्रश्न आहे तो या पैशाचे पुढे काय होते हा. तो कोणाच्या घरी जातो, आणि त्याच्या बदल्यात आपल्याला काय मिळते?

पहिले लग्न

सत्यशोधक समाजाची स्थापना पुण्यात २४ सप्टेंबर १८७३ रोजी झाली. त्याच वर्षी २५ डिसेंबरला समाजाच्या पद्धतीने पहिले लग्न लागले. वर सीताराम जबाजी आल्हाट, वधू राधाबाई. सावित्रीबाईंनी या कामात पुढाकार घेतला होता. भटजी नाही, दक्षिणा नाही, खर्च पानसुपारीपुरता. पुढे १८८७ साली फुल्यांनी मंगलाष्टकांसह पूजाविधीची पुस्तिकाच छापली. तिच्यातील मंगलाष्टकांत वधू वराकडे स्त्रियांच्या हक्कांची मागणी करते आणि वर ते हक्क देण्याचे वचन देतो. म्हणजे ज्या जागी पूर्वी कोणालाच न कळणारे संस्कृत होते, त्या जागी दोन माणसांचा मराठीतला करार आला.

आज हे साधे वाटते. पण गावजोशाचा हक्क ही तेव्हा मालमत्ता होती. जोशाला बोलावले नाही तरी त्याची दक्षिणा द्यावी लागे, आणि कोर्टेही हा हक्क मानीत. जुन्नर तालुक्यातील ओतूरच्या बाळाजी कुसाजी पाटलांनी जोशाला वगळून लग्ने लावली तेव्हा त्यांना कोर्टाची पायरी चढावी लागली. सी. के. बोले यांनी मुंबईच्या कायदेमंडळात हा प्रश्न लावून धरला आणि १९२६ च्या कायद्याने ही सक्तीची दक्षिणा संपली. पहिल्या सत्यशोधक लग्नापासून त्रेपन्न वर्षांनी! स्वतःच्या मुलीचे लग्न स्वतः लावण्यासाठी शूद्रांना अर्धे शतक भांडावे लागले, ही गोष्ट विसरण्यासारखी नाही.

इथे आणखी एक भेद लक्षात ठेवला पाहिजे. शूद्राच्या मांडवात जोशी हक्काने येत असे. अस्पृश्याच्या मांडवात तो येतच नसे. मुहूर्त लांबून सांगायचा, दक्षिणा लांबून उचलायची. आणि सवर्णांच्या लग्नात आमची जागा कोठे होती? मांडवाबाहेर. लाकडे फोडायची, अंगण लोटायचे, रात्रभर राखण करायची आणि पंगत उठल्यावर उष्ट्याची वाट पाहत बसायचे. माझी आजी तिच्या सासूकडून ऐकलेले सांगायची, "पाटलाच्या घरचं लगीन म्हंजी आपल्याला दोन दिस खायाची सोय." या एका वाक्यात बलुतेदारीवरचा एक प्रबंध सामावलेला आहे.

करवीरची वाट

कोल्हापूरकरांना पुढचा इतिहास ठाऊक आहे, तरी त्याची उजळणी करतो. पुरोहिताने छत्रपतींनाच शूद्र ठरवून वेदोक्त नाकारले. शाहू महाराजांनी १९०२ साली राजोपाध्यांचे वतन काढून घेतले आणि त्याच वर्षी जुलैमध्ये नोकऱ्यांतील पन्नास टक्के राखीव जागांचा हुकूम काढला. ११ जानेवारी १९११ रोजी कोल्हापुरात सत्यशोधक समाज उभा राहिला. भास्करराव जाधव त्याच्या अग्रभागी होते. 'घरचा पुरोहित' हे त्यांच्या पुस्तकाचे नावच पुरेसे बोलके आहे. कोल्हापुरात ब्राह्मणेतर पुरोहित तयार करणारी शाळाही निघाली. १९१८ साली महार वतन रद्द झाले. १९१९ साली आंतरजातीय विवाहाला मान्यता देणारा कायदा संस्थानात आला. १९२० च्या मार्चमध्ये माणगावला परिषद भरली आणि महाराजांनी बाबासाहेबांना तुमचा पुढारी म्हणून लोकांपुढे उभे केले.

या कर्तृत्वापुढे नतमस्तक होऊनही एक गोष्ट अभ्यासकाने बोलली पाहिजे. पुरोहित बदलणे आणि पुरोहित नाहीसा करणे, या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. ब्राह्मणाच्या जागी मराठा पुरोहित आला तेव्हा दक्षिणेची थैली दुसऱ्या हातात गेली, पण थैली राहिली. खुद्द दरबारी विधी वेदोक्तच राहिले. जोतीरावांच्या लग्नविधीतला करार मागे पडला आणि अधिकाराचा प्रश्न पुढे आला. सत्यशोधक लग्ने पुढेही लागत राहिली, आजही या जिल्ह्यात अधूनमधून लागतात, पण ती सर्वसामान्य रीत बनली नाहीत.

पाण्याने भरलेले मडके

ती रीत बनवण्याचे काम बाबासाहेबांनी केले. त्यांचे स्वतःचे पहिले लग्न भायखळ्याच्या मासळी बाजारात लागले होते. रात्री बाजार उठल्यावर एका कोपऱ्यात वऱ्हाडी वराकडचे, दुसऱ्या कोपऱ्यात वधूकडचे, बसायला दगडी ओटे आणि पायाखालून वाहणारे घाण पाणी. गरिबाच्या लग्नाला जागा कशी मिळते, हे त्यांना कोणी शिकवायला नको होते. २० जुलै १९४२ रोजी नागपूरच्या दलित महिला परिषदेत त्यांनी आयाबायांना सांगितले की मुलांच्या लग्नाची घाई करू नका, लग्न ही एक जबाबदारी आहे, ती पेलण्याची आर्थिक ताकद आल्यावरच मुलांवर टाका. त्यांचा दुसरा विवाह १५ एप्रिल १९४८ रोजी दिल्लीत राहत्या घरी नोंदणी पद्धतीने झाला. मांडव नाही, वरात नाही.

धर्मांतरानंतर बौद्ध विवाह कसा लावावा, असा प्रश्न त्यांना विचारला गेला. ४ डिसेंबर १९५६ च्या पत्रात त्यांनी उत्तर दिले. दोनच दिवसांनी त्यांचे महापरिनिर्वाण झाले. त्या पत्रातला विधी थोडक्यात असा : होम नाही, सप्तपदी नाही. नवे मातीचे मडके पाण्याने काठोकाठ भरून पाटावर ठेवायचे. दोन्ही बाजूंना वधूवर उभे. मडक्यातील पाण्यात सुताचा धागा, त्याची दोन टोके दोघांच्या हातात. कोणीतरी मंगलसुत्त म्हणावे. वस्त्रे पांढरी.

हा विधी पुनःपुन्हा वाचावा. त्यात बाप मुलीचे दान करीत नाही, कारण मुलगी ही वस्तू नाही. एक धागा, दोन टोके, दोन समान माणसे. तो कोणीही लावू शकतो. त्याला लागणारी प्रत्येक वस्तू कुंभारवाड्यात आणि किराणा दुकानात मिळते. माझ्या वडिलांच्या वहीतल्या शेवटच्या चार ओळी म्हणजे हे पत्रच आहे! हा विधी स्वस्त आहे तो काटकसरीसाठी नव्हे. ज्या ज्या ठिकाणी पैसा जात होता त्या त्या ठिकाणी कोणाची तरी श्रेष्ठता पोसली जात होती. ती काढून टाकल्यावर जे उरले, त्याचा खर्चच मुळात एवढा होता.

घोडा

मग आम्ही पुन्हा दीड लाखावर का गेलो? धाकट्या बहिणीचे लग्न साधेपणाने करू, असे मी घरात म्हटले तेव्हा वडील बराच वेळ गप्प होते. मग म्हणाले, "आरं, तू प्राध्यापक हायस. तुझ्या भणीचं लगीन मुक्यानं करू व्हय? आन् घोडा पायजे. माझ्या आत्तीच्या नवऱ्याला चावडीम्होरं घोड्यावरनं खाली उतरवला हुता. मी बघिटलंय."

माझ्याजवळ यावर उत्तर नव्हते. मी इतिहास शिकवतो आणि माझ्याच घरातला इतिहास मला ठाऊक नव्हता.

दलितांच्या लग्नातील थाटाची उधळपट्टी म्हणून टवाळी करणाऱ्यांनी हे समजून घ्यावे. सोने घालायचे नाही, जरीकाठी पागोटे बांधायचे नाही, असे फर्मान १९२८ साली इंदूर संस्थानातील बलाई लोकांवर निघाले होते. १९३६ साली जयपूर संस्थानातील चकवारा गावी अस्पृश्यांनी आपल्या जेवणावळीत तूप वाढले, एवढ्यासाठी सवर्णांनी लाठ्यांनी हल्ला केला. या दोन्ही घटना बाबासाहेबांनी 'जातिनिर्मूलन' या निबंधात नोंदवल्या आहेत. ज्या समाजाचे तूपही गुन्हा ठरले, त्याने पहिल्यांदा चार पैसे मिळताच जिलेबीची परात भरली तर तो उद्दामपणा नव्हे. ती मागची बाकी वसूल करणे आहे.

परंतु बाकी कोणाकडून वसूल होते, ते पाहिले पाहिजे. ज्यांनी घोड्यावरून उतरवले त्यांच्याकडून नव्हे. ती वसूल होते आमच्या म्हशीकडून, आमच्या पोरांच्या शिक्षणाकडून. भटजी गेला, पण त्याच्या जागी मंगल कार्यालय, डॉल्बी, डिजिटल फलक आणि महिन्याचा हप्ता हे चार नवे भटजी येऊन बसले. त्यांची दक्षिणाही सक्तीचीच. ती १९२६ चा कायदा रद्द करू शकत नाही. आणि भाषाही मागल्या दाराने परत येते. सामूहिक विवाहात लग्न करणाऱ्या मागासवर्गीय जोडप्यांना मदत म्हणून राज्याच्या सामाजिक न्याय विभागाने योजना काढली, ती चांगलीच आहे. पण तिचे नाव ठेवले 'कन्यादान योजना'! जे दान जोतीरावांनी आणि बाबासाहेबांनी विधीतून काढून टाकले, ते सरकारी अर्जावर छापून आपल्या हाती आले आणि आपण सही करून मोकळे झालो.

काय करावे

कार्यकर्ते आणि विद्यार्थी मला विचारतात, सर, नेमके करायचे काय? मी उपदेशक नाही. पण त्या वहीने जे शिकवले ते सांगतो.

पहिली गोष्ट, लग्न ठरताच वही घ्यावी आणि तिची उलटी सुरुवात करावी. मडके, सूत, मेणबत्त्या, फुले आधी लिहावीत. त्याखाली रेघ ओढावी. रेघेखालचे जे जे असेल ते हातातल्या पैशांत बसेल तेवढेच. लग्नासाठी कर्ज नाही, हा एक नियम पाळला तरी अर्धी लढाई जिंकली.

दुसरी, आपल्याकडची 'यादी पे शादी' ही चाल उत्तम आहे. बोलणी आणि लग्न एकाच दिवशी उरकले की साखरपुडा, त्याचे जेवण, त्याचा वेगळा बस्ता हे सगळे वाचते. खर्च दोन्ही घरांनी निम्मा-निम्मा करावा. सगळा बोजा मुलीच्या बापावर टाकून वर पत्रिकेवर बुद्धाचे चित्र छापणे हा ढोंगीपणा आहे. हुंडा १९६१ च्या कायद्याने गुन्हा आहे. कपाट आणि भांडी या नावाने घेतला तरी तो हुंडाच.

तिसरी, जागा विहाराची, समाजमंदिराची किंवा सुट्टीतल्या शाळेच्या पटांगणाची घ्यावी. जेवण एक भात, एक भाजी, एक गोड. पण पंगत एकच, पुढाऱ्यांना वेगळे ताट नाही. टॉवेल-टोपीचा मानपान बंद करावा. त्या टोप्या कोणी घालीत नाही, त्या एका लग्नातून दुसऱ्या लग्नात नुसत्या फिरत असतात.

चौथी, नोंदणी चुकवू नये. तामिळनाडूत पेरियारांच्या चळवळीतील स्वाभिमान विवाहांना अण्णादुराईंच्या सरकारने १९६७ साली हिंदू विवाह कायद्यात दुरुस्ती करून मान्यता दिली. आपल्याकडे सत्यशोधक विवाहासाठी तसे वेगळे कलम नाही. म्हणून विधी कोणताही असो, विवाहाची नोंदणी करून दाखला घ्यावा. जात किंवा धर्म ओलांडून लग्न करणाऱ्यांना १९५४ चा विशेष विवाह कायदा आहे. तीस दिवसांची नोटीस आणि तीन साक्षीदार, एवढीच त्याची सामग्री.

पाचवी गोष्ट पाहुण्यांसाठी, कारण लग्नाला जाणाराही खर्चात येतो. मे महिन्यात एका मजुराला आठ पत्रिका येतात. आठ दिवसांची मजुरी बुडते, एस.टी.चे भाडे जाते आणि वर आहेर. म्हणून घरटी दोघांनी जावे, वेळेवर जावे, हातात जमेल ते नाव न लिहिलेल्या पाकिटात घालावे, किंवा काहीच न घालता दोन तास वाढायला उभे राहावे. ज्याने वाढले त्याचा आहेर सर्वांत मोठा समजावा. आपल्याला टोपी मिळाली नाही म्हणून रुसून बसणारा मामा हा सावकाराचा बिनपगारी दलाल असतो. आणि आशीर्वादाच्या भाषणांना उभ्या राहणाऱ्या माझ्यासारख्यांनी पाच मिनिटांत बसावे. आपल्या भाषणात भात गार होतो.

बहिणीची तारीख ठरली आहे. ती परिचारिका आहे. तिने आणि तिच्या होणाऱ्या नवऱ्याने मिळून खर्चाची मर्यादा घातली आहे, ती दोघांच्या शिलकीतली आहे. कार्यालय नाही, डॉल्बी नाही, मानपान नाही. कर्ज तर नाहीच. मी मात्र एका बाबतीत माघार घेतली. घोडा येणार आहे. एका तासाचे भाडे रोख देऊन, मारुतीच्या देवळावरून, चावडीसमोरून, मांडवापर्यंत. वडील पुढे चालतील.

काटकसरीच्या दृष्टीने हा खर्च वायफळ आहे, हे मला कळते. पण तो कोणाकडून उसना घेतलेला नाही आणि कोणाला दाखवायचा आहे तेही आम्हाला नीट ठाऊक आहे. वडिलांनी जुन्या वहीतच कोरे पान काढून नवा हिशेब मांडला आहे. पहिल्या ओळीत मडके आहे. दुसऱ्या ओळीत सूत. घोडा त्यांनी रेघेच्या वर लिहिला की खाली, हे मी अजून पाहिलेले नाही.